दार किती जणांसाठी उघडे राहते : सांघिक भयखेळांच्या शेवटाविषयी

खेळाडू ज्याला ‘को-ऑप हॉरर’ म्हणतात, त्या सांघिक भयखेळात दोन ते चार, क्वचित त्याहून अधिक खेळाडू आपापल्या यंत्रावरून एकाच भयावह जागेत उतरतात, तेथील भुताचा, राक्षसाचा किंवा झपाटलेल्या माणसांचा एकमेकांच्या साथीने सामना करतात आणि नेमून दिलेले काम उरकून जिवंत बाहेर पडण्याची धडपड करतात. या खेळांची चर्चा बहुधा घाबरवण्याच्या तंत्रापाशीच थांबते. त्यांचे खरे वेगळेपण मात्र शेवटात आहे. एकट्याने खेळायच्या भयखेळात शेवट गाठणे म्हणजे नायकाने वाचणे किंवा मरणे, इतका सरळ मामला असतो. सांघिक खेळात चौघांपैकी दोघे दारापर्यंत पोहोचले, एक मागे जखमी पडला आणि एक आधीच मेला, तर डाव जिंकला की हरला हे कुणीतरी अगोदर ठरवून ठेवावे लागते. तो निर्णय खेळाचा रचनाकार घेतो, आणि डावाच्या पहिल्या मिनिटापासून गडी एकमेकांशी कसे वागणार हे बऱ्याच अंशी त्या एका निर्णयावर अवलंबून राहते.

रचनाकारापुढची पहिली अडचण अशी की सोबत आली की भीती कमी होते. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ स्टॅनली शाख्टर यांनी १९५९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या संशोधनात विद्यार्थिनींना विजेचे झटके बसणार असल्याचे सांगून, तोवर एकटीने थांबायचे की इतरांबरोबर, हे निवडायला लावले होते. झटके वेदनादायक असतील असे ज्या गटाला सांगितले गेले त्यातील सुमारे ६३ टक्के जणींनी सोबत मागितली, तर झटके अगदी सौम्य असतील असे ऐकलेल्या गटात हे प्रमाण सुमारे ३३ टक्के होते. भ्यालेले माणूस माणसाकडे धाव घेते, आणि माणूस सापडला की निर्धास्त होते. म्हणूनच चार मित्र हेडफोन लावून एका पडक्या वाड्यात शिरतात तेव्हा पहिली दहा मिनिटे हसण्याखिदळण्यात जातात, आणि भयखेळ रचणाऱ्याला ती सोबत दिल्यानंतर टप्प्याटप्प्याने काढून घ्यावी लागते.

ती काढून घेण्याचे मार्ग बरेच आहेत. सप्टेंबर २०२० मध्ये आलेल्या ‘फॅस्मोफोबिया’ या ब्रिटिश खेळात भुताचा प्रकार ओळखण्यासाठी चौघांना तापमापक, रेडिओ, कॅमेरा अशी साधने घेऊन घरभर पांगावेच लागते. जवळच्याचा आवाज जवळून आणि लांबच्याचा क्षीण ऐकू येतो, वॉकीटॉकी हाताशी असते, पण भूत शिकारीला निघाले की तीही खरखरू लागते, म्हणजे जेव्हा साथीदाराचा आवाज सर्वाधिक हवा असतो नेमका तेव्हाच तो तुटतो. २०१३ च्या ‘डेड स्पेस ३’ मध्ये तर काही प्रसंगी दोन खेळाडूंच्या पडद्यांवर दोन वेगळी दृश्ये दिसतात: कार्व्हर या पात्राच्या भूमिकेतील खेळाडूला जे भास होतात ते त्याच्या जोडीदाराला दिसतच नाहीत, आणि ‘तुला ते दिसतंय का’ या प्रश्नाला समोरून नकार आला की सोबत असूनही एकटेपणा अंगावर येतो. अशा रीतीने विखुरलेल्या माणसांना शेवटी पुन्हा एका जागी आणावे लागते, आणि इथेच शेवटाची रचना कसाला लागते.

या विचाराचे मूळ वाटते त्याहून जुने आहे. जपानच्या कॅपकॉम कंपनीने १९८९ मध्ये फॅमिकॉम या घरगुती यंत्रासाठी काढलेला ‘स्वीट होम’ हा खेळ एकट्यानेच खेळायचा होता, पण त्यात पाच पात्रांची तुकडी सांभाळावी लागे. एका वेळी जास्तीत जास्त तिघांनाच एकत्र चालता येई, प्रत्येकाकडे लायटर, किल्ली, औषधपेटी असे एखादे खास साधन असे, आणि एकदा मेलेले पात्र परत येत नसे. त्या खेळाला पाच शेवट होते आणि किती जण वाचले यावर कोणता शेवट दिसणार हे ठरत असे. कॅपकॉमनेच १९९६ मध्ये काढलेल्या ‘रेसिडेंट एव्हिल’ची प्रेरणा हाच खेळ मानला जातो, म्हणजे आज ज्याला भयखेळांचा मुख्य प्रवाह समजतात त्याच्या उगमापाशीच वाचलेल्यांची मोजदाद होती. पुढच्या खेळांनी बंदुका वाढवल्या, चित्रे सुधारली, पण पाच शेवटांची ती साधी कल्पना इतकी थेटपणे फारच थोड्यांनी पुढे नेली, ही खेदाची गोष्ट आहे.

प्रत्यक्ष अनेक माणसांनी मिळून खेळायच्या भयखेळांत शेवटाचे दोन टोकाचे नियम दिसतात. २००९ च्या ‘रेसिडेंट एव्हिल ५’ मध्ये क्रिस आणि शेव्हा या जोडीपैकी एकजण कोसळला की दुसऱ्याने काही सेकंदांत त्याच्यापर्यंत पोहोचून त्याला उठवायचे असते. ते साधले नाही तर डाव दोघांचाही संपतो. इथे एकट्याने वाचण्याला अर्थच नाही. ‘लेफ्ट ४ डेड’ या नोव्हेंबर २००८ मध्ये आलेल्या अमेरिकी खेळाने दुसरी वाट धरली. त्यात चार माणसे झोंबींनी व्यापलेल्या शहरातून वाट काढतात, आणि त्यांच्यावर चालून येणारे काही खास शत्रू असे रचलेले आहेत की त्यांनी एकदा धरले की धरलेल्याला स्वतःहून सुटताच येत नाही, सोडवायला दुसराच लागतो. महाराष्ट्रातील मुले विषामृत खेळतात तेव्हाही नियम हाच असतो: राज्य असलेल्याने ‘विष’ दिले की गडी जागच्या जागी थिजतो आणि मोकळ्या गड्याने शिवून ‘अमृत’ दिल्याशिवाय हलू शकत नाही. त्या अंगणातल्या डावाला ठरलेला शेवट नसतो, मुले दमली किंवा घरून हाक आली की तो मोडतो. पडद्यावरच्या खेळाला मात्र एक दार दाखवावे लागते.

‘लेफ्ट ४ डेड’चे ते दार नीट पाहण्याजोगे आहे. ‘नो मर्सी’ या त्याच्या पहिल्या मोहिमेत चौघे रुग्णालयाच्या गच्चीवर पोहोचतात, तेथील रेडिओवरून हेलिकॉप्टरला निरोप देतात आणि ते येईपर्यंत गच्ची लढवतात. झोंबींची एक लाट येते, तिच्या पाठोपाठ ‘टँक’ हा अजस्र शत्रू येतो. तो पडला की क्षणभर उसंत, मग दुसरी लाट आणि दुसरा टँक. त्यानंतर हेलिकॉप्टर उतरते, पण त्याच वेळी आणखी शत्रू तुटून पडतात, आणि इथून पुढे लढायचे नसून फक्त पोहोचायचे असते. जे उभे आहेत ते सगळे आत चढले की हेलिकॉप्टर निघते. जो जखमी होऊन खाली पडला आहे तो मागे राहतो. एक जण जरी निसटला तरी मोहीम फत्ते झाली असे खेळ मानतो, मात्र त्यानंतर सरकणाऱ्या श्रेयनामावलीत मेलेल्यांची नावे स्मरणार्थ म्हणून वेगळी दाखवली जातात. विजय सर्वांच्या नावावर जमा होतो, पण कुणाला मागे टाकले हेही नोंदले जाते. ही जोड इतकी विचारपूर्वक घातलेली आहे की सांघिक भयखेळांत तिच्या तोडीचा दुसरा शेवट शोधावा लागतो.

या खेळामागे ‘एआय डायरेक्टर’ नावाची यंत्रणा काम करते. ही यंत्रणा प्रत्येक खेळाडूवर किती ताण आला आहे याचा अंदाज बांधते, म्हणजे त्याला किती इजा झाली, शत्रू किती जवळ मारले गेले वगैरे पाहते, आणि ताण शिगेला पोहोचला की काही काळ हल्ले आवरते, मग पुन्हा चढवते. प्रत्येक डावात शत्रू वेगळ्या जागी भेटतात ते यामुळेच. ताणाला असा चढउतार का हवा, याला डेन्मार्कमधील आऱ्हुस विद्यापीठाच्या संशोधकांनी २०२० मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासातून आधार मिळतो: भयगृहात फिरणाऱ्या लोकांच्या हृदयाचे ठोके मोजल्यावर असे आढळले की भीती फार कमी असतानाही मजा येत नाही आणि फार जास्त असतानाही येत नाही, मधल्या एका पट्ट्यात ती सर्वाधिक असते.

दाराशी थांबायचे की निघायचे हा पेच खेळसिद्धांतात, म्हणजे माणसे एकमेकांच्या निर्णयांवर अवलंबून असताना कशी निवड करतात याच्या गणिती अभ्यासात, ‘हरिणाची शिकार’ या नावाने ओळखला जातो. फ्रेंच विचारवंत रूसो यांनी १७५५ च्या ग्रंथात त्याचे चित्र रेखाटले: सगळ्यांनी जागा धरली तर हरीण मिळेल, पण एकाला जवळून ससा पळताना दिसला आणि तो त्याच्यामागे गेला तर बाकीचे उपाशी राहतील. इथे कुणी दुष्ट असण्याची गरज नसते, ‘दुसरा थांबेल ना’ ही शंका पुरेशी असते. भयखेळांचे रचनाकार हीच शंका वाढवतात किंवा मिटवतात. २०१७ च्या ‘फ्रायडे द थर्टीन्थ’ या खेळात सात जणांमागे एक खुनी लागतो आणि पळायला मोटार असते, पण तिला बॅटरी, पेट्रोल आणि किल्ली शोधून आणावी लागते. काही मोटारींत चार जागा असतात, काहींत दोनच, आणि ज्याने बॅटरी बसवली त्यालाच सोडून दुसरे दोघे निघून गेल्याचे प्रसंग त्यात सर्रास घडत. याच्या अगदी उलट, स्वीडनमधील ‘जीटीएफओ’ या कठीण खेळात काही कुलपे अशी आहेत की हयात असलेले सगळे गडी आखलेल्या वर्तुळात उभे राहिल्याशिवाय ती उघडतच नाहीत, त्यामुळे तिथे विश्वासाचा प्रश्न नियमानेच निकालात काढला आहे.

२०१० मध्ये ‘लेफ्ट ४ डेड’साठी निघालेली ‘द सॅक्रिफाइस’ ही जोडमोहीम या सर्वांहून पुढे गेली. तिच्या अखेरीस चौघे पूल वर उचलून झोंबींच्या आवाक्याबाहेर जाऊ लागतात, पण जनरेटर मध्येच बंद पडतो, आणि तो पुन्हा सुरू करायला एकाने खाली उतरावे लागते. उतरणारा परत येणार नाही हे सर्वांना ठाऊक असते. खेळ कुणाचेही नाव घेत नाही, चिठ्ठी काढत नाही, वेळही फारसा देत नाही. चौघांपैकी कुणीतरी उडी मारली की उरलेले तिघे वाचतात आणि डाव जिंकला जातो. खेळाच्या अधिकृत कथेत हे बलिदान बिल नावाच्या म्हाताऱ्या सैनिकाचे असले, तरी प्रत्यक्ष डावात ते कुणीही करू शकतो. कादंबरी किंवा चित्रपट वाचकाला बलिदान दाखवू शकतो. ते कोण करणार हे ठरवण्याचे ओझे चार खऱ्या माणसांवर, त्यांच्या खऱ्या आवाजातल्या घाईगर्दीवर टाकणे हे फक्त या कलाप्रकाराला जमते, आणि म्हणून त्याला गांभीर्याने घेतले पाहिजे.

अलीकडचे अनेक लोकप्रिय खेळ मात्र शेवटच नाकारतात. ऑक्टोबर २०२३ मध्ये एकट्या रचनाकाराने काढलेल्या ‘लीथल कंपनी’मध्ये चौघे ओसाड उपग्रहांवरून भंगार गोळा करून कंपनीला विकतात, दर तीन दिवसांनी ठरावीक रकमेचे उद्दिष्ट गाठावे लागते आणि ते गाठले की पुढचे अधिक मोठे होते. त्यामुळे इथे पोहोचण्याजोगे अंतिम दार नाही, किती काळ टिकलो एवढाच हिशेब आहे. तरीही प्रत्येक दिवसाचा एक छोटा शेवट असतो, कारण यान मध्यरात्री निघून जाते, आणि मेलेले खेळाडू मत देऊन ते लवकर निघायला लावू शकतात. बाहेर अजून कुणी जिवंत धावत असताना मेलेल्यांनी हा कौल द्यायचा का, हा प्रश्न खेळ त्यांच्यावरच सोपवतो. मेलेल्यांपोटी दंड बसतो, पण त्यांचे देह यानात परत आणले तर तो कमी होतो. फेब्रुवारी २०२५ च्या ‘रेपो’ या खेळात मेलेल्या साथीदाराचे डोके उचलून माल पोहोचवण्याच्या जागी नेले तर तो पुन्हा जिवंत होतो, म्हणजे हाताशी असलेली नाजूक, मौल्यवान फुलदाणी न्यायची की मित्र, हे वाहून नेणाऱ्याला भर अंधारात ठरवावे लागते.

ज्या खेळांना निश्चित शेवट असतो तेही तो सहजी गाठू देत नाहीत. जानेवारी २०२१ मधील ‘डिव्हाउर’च्या पहिल्या मोहिमेत झपाटलेल्या ॲनाला आवरण्यासाठी दहा बोकडांची आहुती द्यावी लागते, एकेक बोकड गवत टाकून पकडायचा, पेट्रोलने भिजवलेल्या अग्नीपर्यंत न्यायचा, आणि प्रत्येक आहुतीनंतर ॲना अधिक चवताळते. सातव्या-आठव्या आहुतीपर्यंत पोहोचलेले पथक इतके थकलेले आणि बिथरलेले असते की डाव बहुतेक वेळा तिथेच बुडतो. मार्च २०२४ मध्ये पूर्ण स्वरूपात आलेल्या ‘द आउटलास्ट ट्रायल्स’मध्ये अडचण वेगळीच आहे: शीतयुद्धाच्या काळातील गुप्त प्रयोगांवर, विशेषतः अमेरिकी गुप्तचर संस्थेने १९५३ पासून चालवलेल्या मनोनियंत्रणाच्या ‘एमके-अल्ट्रा’ प्रकल्पावर बेतलेल्या या खेळात कैदी चाचण्या पार करून सुटका मिळवतात, पण ज्याला सुटका म्हटले जाते ती कैद्याला हे प्रयोग चालवणाऱ्या कंपनीचा सुप्त हस्तक बनवून बाहेर सोडण्याची शेवटची पायरी ठरते.

मराठी मुलखात या साऱ्याचे जवळचे रूप पाहायचे तर एका चित्रपटाकडे वळावे लागते. राही अनिल बर्वे यांनी दिग्दर्शित केलेला, ऑक्टोबर २०१८ मध्ये प्रदर्शित झालेला ‘तुंबाड’ हा भाषेने हिंदी असला तरी कोकणातील ब्राह्मण कुटुंबात, पडक्या वाड्यात आणि संततधार पावसात घडतो, आणि त्याच्या कथेला नारायण धारप यांच्या भयकथेचा स्पर्श आहे. वाड्याखालच्या मांसल गर्भात हस्तर नावाचा शापित देव बंदिस्त आहे. त्याची भूक धान्याची, त्याची भीतीही धान्याचीच. त्यामुळे विनायक दोराने खाली उतरतो, पिठाचे रिंगण आखून त्यात उभा राहतो, कणकेची बाहुली आमिष म्हणून ठेवतो आणि हस्तर ती खाण्यात गुंतला की त्याच्या लंगोटातील सोन्याच्या मुद्रा लांबवतो. ठरलेली जागा, ठरलेला नियम, मोजका वेळ आणि निघायला एकच दोर: खेळाच्या रचनाकाराने कागदावर मांडावी तशी ही मांडणी आहे.

पुढे विनायक आपल्या मुलाला, पांडुरंगला, या कामात सोबत घेतो आणि कथेला सांघिक भयखेळाचे रूप येते. एकेक मुद्रा काढण्यापेक्षा सगळा लंगोटच पळवावा, म्हणून एकाऐवजी अनेक बाहुल्या न्याव्यात, अशी युक्ती मुलगा काढतो. पण खाली गेल्यावर जितक्या बाहुल्या तितके हस्तर प्रकट होतात. हाव वाढली की संकटाची संख्या वाढते हा नियम ‘लीथल कंपनी’ खेळणाऱ्या कुणालाही ओळखीचा वाटेल. बापलेकांपुढचा पेचही पुलावरच्या चौघांसारखाच आहे, आणि विनायक तो तसाच सोडवतो: सगळ्या बाहुल्या स्वतःच्या अंगाला बांधून तो दोराने वर चढतो, हस्तर त्याच्यामागे जातात आणि मुलाला वाट मोकळी होते. आयुष्यभर हावेने वागलेला माणूस अखेरच्या क्षणी जोडीदारासाठी आमिष होतो. वर आल्यावर सडत चाललेला बाप लंगोट पुढे करतो, तो मुलगा नाकारतो आणि बापाला अग्नी देतो. दोघांपैकी एकजण वाचला, सोने हाती आले नाही, तरी हा शेवट हरल्याचा वाटत नाही. सप्टेंबर २०२४ मध्ये चित्रपट पुन्हा प्रदर्शित झाला तेव्हा त्याने पहिल्या खेपेहून अधिक गल्ला जमवला, यावरून प्रेक्षकांना तो शेवट किती भिडला याचा अंदाज येतो.

यवतमाळ जिल्ह्याच्या दक्षिण टोकाला, पैनगंगेच्या खोऱ्यात, नदीपलीकडे मराठवाड्याला भिडलेल्या उमरखेड तालुक्यातून सांघिक भयखेळ शेवटापर्यंत न्यायचा म्हटले तर भुताखेरीज आणखी काही गोष्टींशी गाठ पडते. सप्टेंबर २०१६ नंतर मोबाइल डेटा स्वस्त झाला आणि खेड्यापाड्यांतील तरुणांना सांघिक खेळाची पहिली ओळख ‘पबजी मोबाइल’ने करून दिली. त्यात फेब्रुवारी २०१९ मध्ये ‘रेसिडेंट एव्हिल २’च्या सहयोगाने झोंबींच्या रात्री काढण्याचा प्रकार आला आणि त्याच वर्षी पहाटेपर्यंत तग धरून हेलिकॉप्टर गाठण्याचा प्रकारही आला, म्हणजे ‘नो मर्सी’च्या गच्चीवरचा तो शेवट दहा वर्षांनी खिशातल्या फोनवर उतरला. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने ११८ ॲपवर बंदी घातली त्यांत हा खेळ गेला, पण ‘डाउन झालोय, रिव्हाइव्ह दे’ ही बोली त्याने मागे ठेवली.

संगणकावरच्या सांघिक भयखेळांत बहुधा मध्यवर्ती सर्व्हर नसतो; चौघांपैकी एकजण ‘होस्ट’ होतो, खेळाचे जग त्याच्या यंत्रावर चालते आणि बाकीचे त्याला जोडले जातात. ‘लीथल कंपनी’सारख्या खेळात होस्टचे नेट गेले की चौघांचाही डाव तत्क्षणी मोडतो, कारण जग दुसऱ्याच्या यंत्रावर हलवण्याची सोय त्यात नाही, आणि जतन केलेला डावही होस्टच्याच यंत्रावर राहतो, त्यामुळे पुढच्या वेळी तोच हजर नसेल तर इतरांना पुढे खेळता येत नाही. अंतराची अडचण त्या मानाने कमी आहे. उमरखेड ते मुंबई सरळ रेषेत सुमारे ५०० किलोमीटर भरते आणि काचतंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे २ लाख किलोमीटर जातो, म्हणजे संदेशाला एका बाजूने अडीच मिलिसेकंद पुरावेत. केबल सरळ जात नाही आणि वाटेत थांबे लागतात म्हणून प्रत्यक्षात वेळ कितीतरी पट होतो, तरी खेळाला तो बाधत नाही. होस्ट सहा-सात हजार किलोमीटरवर युरोपात बसला असेल तर मात्र जाऊन-येऊन किमान साठ-सत्तर मिलिसेकंद जातात, आणि आपल्या पडद्यावर दार ओलांडलेला गडी होस्टच्या यंत्रावर अजून दाराच्या अलीकडे, राक्षसाच्या हातात असू शकतो. खरा घात करते ती शेवटच्या टप्प्यातील बिनतारी जोडणी, जिचा वेग क्षणाक्षणाला बदलतो, आणि वादळी पावसात जाणारी लाइट. म्हणून ज्याच्या घरी इन्व्हर्टर आहे किंवा निदान राउटरपुरता छोटा यूपीएस आहे त्याला होस्ट करणे, हा शेवट गाठण्याचा अतिशय व्यावहारिक उपाय ठरतो, आणि कोणत्याही बंदुकीपेक्षा त्याचा उपयोग अधिक होतो.

शेवटावर एवढा खल का करायचा, याचे एक उत्तर स्मृतीच्या अभ्यासातून मिळते. डॅनियल कानेमन आणि सहकाऱ्यांनी १९९३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात सहभागींनी एकदा हात ६० सेकंद १४ अंश सेल्सियसच्या गार पाण्यात धरला, आणि दुसऱ्यांदा तेवढाच वेळ धरून शिवाय आणखी ३० सेकंद, ज्यांत पाणी हळूहळू १५ अंशांपर्यंत वाढवले होते. पुन्हा करायचे झाल्यास कोणता अनुभव निवडाल असे विचारल्यावर बहुतेकांनी अधिक लांबलेला, म्हणजे एकूण अधिक त्रासाचाच अनुभव निवडला, कारण त्याचा शेवट थोडा सुसह्य होता. माणूस अनुभवाची सरासरी लक्षात ठेवत नाही. त्याचा सर्वांत तीव्र क्षण आणि शेवट लक्षात ठेवतो. तीन तास भीतीत काढलेल्या चौघांना महिन्याभराने काय आठवेल, हे हेलिकॉप्टरच्या दाराशी घडलेल्या अर्ध्या मिनिटावर ठरते.

पैनगंगेच्या अभयारण्यासारखा मुलूख लाभलेल्या भागात अशा खेळासाठी परदेशी भूत आणण्याची गरज नाही. रानवाटांवर माणसाला भुलवून पुन्हा पुन्हा त्याच जागी आणणारा चकवा महाराष्ट्रभर ठाऊक आहे, आणि तो लागला की चालणे थांबवून उजाडेपर्यंत एका जागी बसावे हा तोडगाही. त्यामागच्या अनुभवाला शास्त्रीय आधार आहे. यान सौमन आणि सहकाऱ्यांनी जर्मनीतील जंगलात आणि ट्युनिशियातील वाळवंटात माणसांना सरळ चालायला सांगून त्यांच्या मार्गाची उपग्रहाद्वारे नोंद घेतली, आणि २००९ मध्ये दाखवून दिले की सूर्य किंवा चंद्र दिसत नसेल तर माणसे सरळ चाललो असे समजत खरोखर गोल फिरतात, स्वतःचीच वाट ओलांडतात आणि तरी त्यांना ते कळत नाही. सूर्य दिसत असताना मात्र तीच माणसे बऱ्यापैकी सरळ चालतात.

चकव्यावर चौघांचा खेळ रचायचा झाला तर त्याचा शेवट या निरीक्षणातच दडलेला आहे. पहाट ही तिथे केवळ वेळेची मर्यादा राहणार नाही, ती दिशा परत देणारी गोष्ट असेल. रात्रभर एकत्र बसून राहणे हे सर्वांत कठीण काम ठरेल, कारण चकवा प्रत्येकाला वेगळ्या बाजूने ओळखीच्या आवाजात हाक मारील आणि ‘डेड स्पेस ३’प्रमाणे ती हाक एकालाच ऐकू जाईल. उठून गेलेला गडी मरणार नाही, फक्त गोल फिरत राहील आणि दर फेरीला बसलेल्यांच्या जवळून जाईल, तेवढ्या क्षणात त्याला हाताला धरून थांबवता येईल किंवा येणार नाही. उजाडल्यावर नदीच्या दिशेने निघालेल्या तिघांना खेळाने जिंकलेले मानायचे, की चौथा सापडेपर्यंत दुसऱ्या रात्रीची तयारी करायला लावायची, हा निर्णय खेळ रचणाऱ्याला पहिली रेघ ओढण्यापूर्वीच घ्यावा लागेल.